पात्याचा भाव करायचा नसतो

बारावीच्या वर्गाला मी अर्थशास्त्र शिकवते. आयात-निर्यातीचा धडा आला की फळ्यावर डावीकडून उजवीकडे उतरत जाणारी एक रेघ काढते आणि सांगते, हा किमतींचा कल. मुलं मुकाट्याने ती वहीत उतरवून घेतात. एका वर्षी पहिल्या बाकावरच्या मुलीने विचारलं, "मॅडम, किंमत उतरली म्हणजे चांगलंच झालं ना? वस्तू स्वस्त झाली." पुस्तकाप्रमाणे याचं उत्तर 'ग्राहकाच्या दृष्टीने होय' असं आहे. ते मी दिलं आणि उरलेला तास उगाच पोरांवर खेकसत राहिले. तिची काही चूक नव्हती. पण ती उतरती रेघ पुस्तकात भेटायच्या आधी मी आमच्या भट्टीत पाहिली होती, आणि ती रेघ गवत कापायच्या मशीनची होती.

जव्हारला आमची लोहारकीची भट्टी होती. अब्बा विळे, कोयते, कुऱ्हाडी घडवायचे. ट्रकच्या मोडक्या कमानीचं, म्हणजे स्प्रिंगच्या पट्ट्यांचं, पोलाद आणायचं, तापवायचं, ठोकायचं आणि पाणी द्यायचं. लालबुंद पातं नेमक्या वेळी पाण्यात बुडवलं तरच त्याची धार टिकते, त्याला पाणी देणं म्हणतात. जामसरपासून मोखाड्याकडच्या पाड्यांपर्यंतची माणसं विळे घ्यायला आमच्याकडे यायची. त्या देवघेवीत एक रीत होती, ती बाहेरच्या माणसाला सांगून पटत नाही. पात्याचा भाव करायचा नाही. भाव केलेलं पातं धन्याचंच बोट कापतं, असं आम्हीही मानायचो आणि डोंगरातली माणसंही मानायची. गिऱ्हाईक विळा उचलायचं, अंगठ्यावर धार बघायचं आणि आपल्या मनाला योग्य वाटेल ते ओट्यावर ठेवायचं. पैसे असतील तर पैसे, नाहीतर नागली, उडीद, कधी पाय बांधलेली कोंबडी. अब्बा तिकडे बघायचेही नाहीत. "ठीक है," म्हणायचे आणि पुढचं पातं भट्टीत सारायचे. कमी ठेवणारे नव्हते असं नाही. पण त्यांना पुढच्या वर्षी धार लावायला आमच्याच दारात यायचं असायचं, आणि त्यांनी काय ठेवलं ते साऱ्या पाड्याला ठाऊक असायचं. त्यामुळे पुढच्या खेपेला ते न सांगता जास्तीची नागली आणायचे.

अब्बांच्या समोर घण मारायला पोशेऱ्याचा एक माणूस होता. त्याला मी मामा म्हणायची आणि त्याच्या बायकोला मामी. डोंगरउतारावर त्याची थोडी नागली-वरईची जमीन होती. दिवाळी झाली की शेतात काही उरायचं नाही आणि आमच्याकडेही घणाला काम नसायचं. मग पाड्यावरच्या सगळ्यांसारखा तोही बायको आणि पोरीला घेऊन जगायला जायचा. आमच्याकडे असंच म्हणतात. भिवंडीकडे वीटभट्टीवर किंवा खाडीवर रेती काढायला निघालेल्या माणसाला कुठे चाललास विचारलं, तर तो कामाला म्हणत नाही, "जगाया चाललू" म्हणतो. लहानपणी मला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं. आता चीड येते. घरी राहून जगता येत नाही, हे इतक्या साधेपणाने कोणी सांगू नये.

गावाबाहेर, जिथे पठार संपून दरी सुरू होते तिथे, मुंबईच्या एका शेठचा बंगला होता. बंगल्यापुढे हिरवळ होती आणि ती कापायला हाताने ढकलायचं मशीन. दोन चाकांच्या मध्ये पिळदार पात्यांचा पिंजरा आणि मागे लांब दांडा. ढकललं की पाती गरगर फिरतात आणि गवत एकसारखं कापलं जातं. एकदा त्याचं पातं मोडलं आणि बंगल्याचा माळी ते घेऊन आमच्याकडे आला. मामा त्या मशीनभोवती दोनदा फिरला.

"चाचा, गुरांना घालायचा नाय," तो अब्बांना म्हणाला, "तं ह्यो गवत वाढवायचा कशाला न् कापायचा कशाला?"

"बडे लोगों का है," अब्बा म्हणाले. त्यांच्या लेखी एवढ्याने खुलासा झाला होता.

अब्बांनी पातं करून दिलं. शेठला ते इतकं आवडलं की तो स्वतः भट्टीवर आला. त्याचा धंदाच या मशीनचा होता. सुटे भाग ठिकठिकाणी करून घ्यायचे, मुंबईत जोडायचे आणि आफ्रिकेत, आखातात पाठवायचे. नव्वदच्या दशकातले ते मधले दिवस होते आणि बाहेरून मागणी चांगली होती. पाती तुम्ही करून द्याल का, असं त्याने विचारलं आणि एक भाव सांगितला. अब्बा म्हणाले, "ठीक है."

त्या एका कामाने मामाचं घर बदललं. मशीनच्या पात्यांना ना पाऊस ना कापणी, त्यामुळे घण बारा महिने पडू लागला. त्या वर्षी दिवाळीनंतर अख्खा पाडा रिकामा झाला आणि एका मामाच्याच घरात चूल पेटत राहिली. मागे राहिलेल्या म्हाताऱ्यांना मामी दुपारी नागलीची आंबील द्यायची. त्यांची पोर दर वर्षी दिवाळीनंतर शाळेतून उठायची आणि पावसाळ्यात पुन्हा त्याच इयत्तेत जाऊन बसायची, ती आता पुढे सरकू लागली. शनिवारी मामा एसटीने घरी जायचा आणि सोमवारी पहिल्या गाडीने भट्टीवर हजर व्हायचा. येताना माझ्यासाठी करवंदं, नाहीतर नुसतीच एखादी चांगली काठी आणायचा. काठीचं मी काय करणार होते देव जाणे, पण घ्यायची.

आमच्या घरात परराष्ट्र व्यापार असा शिरला. रुपया घसरल्याची बातमी रेडिओवर लागली की शेठ खूश व्हायचा, म्हणून अब्बाही खूश व्हायचे. अम्मी मात्र तेलाच्या डब्याकडे बघून म्हणायची, "तुमचा रुपया घसरला की माझी फोडणी घसरते." आमच्या भट्टीतली पाती समुद्रापार कोणाच्या तरी अंगणात फिरताहेत याचा अब्बांना अभिमान होता. एक गोष्ट मात्र त्यांना खटकायची. ती पाती धार लावायला परत येत नसत. "इतक्या लांबून कोण येणार," असं म्हणायचे आणि वर, "पण यायला पाहिजे," असंही म्हणायचे.

मग भाव उतरू लागला. समोरच्या बेकरीत फोन होता. शेठचा फोन आला की बेकरीवाला हाक मारायचा आणि अब्बा हात पुसत रस्ता ओलांडायचे. पलीकडून शेठ सांगायचा, बाहेरचं गिऱ्हाईक कमी द्यायला लागलंय, दुसऱ्या देशांचा माल स्वस्तात येतोय, आपल्यालाही थोडं खाली यावं लागेल. नवा भाव सांगायचा. अब्बा ऐकून घ्यायचे, "ठीक है" म्हणायचे आणि फोन ठेवायचे. घासाघीस नाही, कुरकुर नाही. बेकरीवाला अम्मीला सांगायचा की तुमच्या नवऱ्याइतका आखूड फोन माझ्या दुकानात कोणी घेत नाही.

अम्मी चिडायची. "बोलणाऱ्याची बोरं विकतात आणि न बोलणाऱ्याचे गहू पडून राहतात," ती ऐकवायची. आमचे गहू पडून राहत नव्हते, हीच तर पंचाईत होती. ते बोरांच्या भावात उचलले जात होते.

"पात्याचा भाव करायचा नसतो," अब्बा म्हणायचे.

"ते पाड्यावरच्या माणसाशी. हा मुंबईचा आहे."

"पातं तेच आहे ना?"

अब्बा हट्टी होते असं मी तेव्हा मानायची. आता वाटतं, ते हट्टी नव्हते. त्यांना दुसरी पद्धत ठाऊकच नव्हती. समोरच्याने जे ठेवलं ते त्याने आपल्या मनाशी तोलून, योग्य समजूनच ठेवलं असणार, असं ते जन्मभर धरून चालले होते. शेठने सांगितलेला आकडा हा त्याने ओट्यावर ठेवलेला दाणा आहे, असंच त्यांनी समजलं.

दर फोननंतर घरातलं काहीतरी कमी व्हायचं. आधी बकरी गेली. मग अम्मीने शिलाईचं काम घेतलं. कोळसा महागला, कमानीचं पोलाद महागलं आणि पात्याचा भाव तेवढा खाली चालला होता. शेठने एकदा सुचवलं की पातं थोडं पातळ करा, पोलाद वाचेल. अब्बांनी त्यालाही "ठीक है" म्हटलं आणि पाती आधी होती तेवढीच जाड करत राहिले. मामाची मजुरी त्यांनी कधी कमी केली नाही. अम्मीने त्यावरूनही एकदा तोंड उघडलं, तेव्हा ते म्हणाले, "त्याची कमी केली तर तो जाईल जगायला. मग पोरीची शाळा सुटेल." त्या दिवसापासून मामाचं जेवण अम्मी आमच्याआधी वाढू लागली.

मामाला हे सगळं कळत होतं की नाही, ते मला माहीत नाही. कळत असावं. एकदा त्याने अब्बांना विचारलं होतं, "चाचा, ह्या पात्यांचा भागतो ना तुमचा?" अब्बांनी भात्याकडे बघत "हो तर" म्हटलं. मामा अब्बांना ओळखून होता आणि अब्बा मामाला. मामाने पुन्हा घण उचलला.

दोन हजार साल उलटलं आणि बाहेरच्या मालाला दारं पुरती उघडली. मी तेव्हा नाशिकला कॉलेजात होते. तिथल्या एका दुकानाच्या काचेत मी परदेशातून आलेलं पेट्रोलवर चालणारं गवत कापायचं मशीन पाहिलं. तांबडं चकचकीत, खाली एकच आडवं पातं. आत जाऊन किंमत विचारली. दुकानदाराने मला आपादमस्तक न्याहाळलं, कारण मी हिरवळ बाळगणाऱ्या घरची दिसत नव्हते. त्याने किंमत सांगितली तेव्हा माझा विश्वास बसेना. अब्बांच्या पात्यांचं हाताने ढकलायचं मशीन मुंबईत जोडून उभं राहायला जवळजवळ तेवढेच पैसे लागत होते. "पात्याची धार गेली तर?" मी विचारलं. "फेकून द्यायचं. नवीन मिळतं," तो म्हणाला.

त्या दिवाळीच्या सुट्टीत शेठ जव्हारला आला. यावेळी त्याने फोन केला नाही. माळ्याला पाठवून अब्बांना बंगल्यावर बोलावलं. मीही सोबत गेले. हिरवळीवर माळी तसलंच तांबडं मशीन फिरवत होता, आणि आवाज इतका की शेठला ते बंद करायला सांगावं लागलं. शेठ वाईट माणूस नव्हता, हे मला कबूल करावंच लागतं. त्याने अब्बांना खुर्ची दिली, चहा मागवला आणि सांगितलं की बाहेरची गिऱ्हाइकं गेली, देशातलंही फारसं कोणी आता हातमशीन घेत नाही, तो स्वतः बाहेरून मशीनं आणून विकणार आहे. पाती बंद.

"ठीक है," अब्बा म्हणाले.

शेठने कप खाली ठेवला. मग म्हणाला, "उस्ताद, एक विचारू? तुम्ही एकदाही नाही म्हणाला नाहीत. धंद्यात पहिला आकडा खालचाच सांगतात. समोरचा नाही म्हणतो, मग आपण थोडं वर जातो. मी दर वेळी थोडी जागा ठेवून फोन करायचो. तुम्ही लगेच ठीक है म्हणायचात. मला वाटलं, तुम्हाला परवडतंय."

अब्बांना ते पटकन उमगलं नाही. मला उमगलं, आणि अंगाची लाही झाली. "नाही म्हटलं असतं तर काय झालं असतं?" मी विचारलं.

"जास्त दिलं असतं, बेटा. मग पाती यांनी आणखी दोन-तीन वर्षं केली असती. नाशिकचा एक जण हातमशीनं करतो, त्याच्या मशीनला अजून थोडी मागणी आहे. त्याला लागणाऱ्या पात्यांचं काम मी उस्तादांना देणार होतो. पण त्या कामाला लागणारं नवं ग्राइंडर यांच्या भट्टीत नाही, माणसं नाहीत. मी म्हटलं, इतक्या वर्षांत काही वाढवलं नाही, म्हणजे यांनाच नको असेल. त्या दोन-तीन वर्षांनंतर मात्र कोणालाच काही मिळालं नसतं, तेही खरं."

परतताना अब्बा रस्त्याच्या कडेने चालत होते. राजवाड्याच्या वळणावर थांबून त्यांनी मला विचारलं, "तो जागा ठेवून सांगायचा म्हणजे, त्याला योग्य वाटायचं त्याहून कमी सांगायचा?" मी हो म्हटलं. "का पण?" त्यांनी विचारलं. मी अर्थशास्त्राच्या दुसऱ्या वर्षाला होते आणि मला याचं उत्तर वर्गात शिकवलेलं होतं. रस्त्यात उभं राहून ते मला देववेना.

मामा चार-पाच दिवस तरीही भट्टीवर येत राहिला. अब्बा त्याला जुने विळे ठोकायला द्यायचे, जे कोणी मागितलेले नव्हते. शेवटी मामाच म्हणाला, "चाचा, माझ्यासाठी इस्तू कशाला जाळता. पाड्यावरची लोका निंगाली, मीबी जातू त्यांच्यासंगं." अब्बांनी त्याला नवा कोयता दिला. मामाने खिशात हात घातला तर अब्बांनी त्याचा हात धरला. पोरीची शाळा सुटली. ती आमच्या ओट्यावर दप्तर ठेवून गेली, म्हणाली, वीटभट्टीवर माती लागंल त्याला.

फाल्गुनात बेकरीत फोन आला. मामीला जगात तो एकच नंबर ठाऊक होता. भिवंडीजवळच्या वीटभट्टीवर भाजलेल्या विटांची थप्पी मामाच्या अंगावर कोसळली होती. मी परीक्षेआधी घरी आलेले होते. अब्बा आणि मी मिळेल त्या गाडीने तिथे पोचलो तेव्हा मामाला सरकारी दवाखान्यातून परत आणून गोणपाटाखाली ठेवलं होतं. मामी शेजारी बसून होती. पोर तिच्या मांडीत तोंड घालून पडली होती. मी पाहिलेलं सगळ्यात वाईट दृश्य ते आहे आणि त्याचं अधिक वर्णन मला करायचं नाही.

मुकादम आला. चांगला धडधाकट, तोंडात तंबाखू. मालकाने इतके द्यायला सांगितलेत, म्हणून त्याने एक आकडा सांगितला. तो मी लिहिणार नाही. माणसाचा म्हणून सांगितलेला तो आकडा होता, एवढं पुरे. मामीने मान वर करून अब्बांकडे पाहिलं. तिथे तिच्या बाजूचं म्हणावं असं दुसरं कोणी नव्हतं. अब्बा नेहमीसारखे खाली बघत होते. मला वाटलं, आता ते ठीक है म्हणतील.

"नाही," अब्बा म्हणाले.

त्यांचा आवाज इतका बारीक होता की मुकादमाने "काय?" विचारलं. अब्बांनी पुन्हा "नाही" म्हटलं. मुकादमाने तंबाखू थुंकली, इकडेतिकडे पाहिलं आणि उभ्या उभ्या आकडा वाढवला. कोणाला विचारायलाही गेला नाही. अब्बा बघतच राहिले. त्यांनी आणखी एकदा नाही म्हटलं आणि आकडा आणखी वर गेला, शिवाय पोशेऱ्यापर्यंत टेम्पोही मिळाला.

टेम्पोत मागे मामाजवळ आम्ही चौघं बसलो. वाडा गेलं, विक्रमगड गेलं. घाट सुरू झाला तेव्हा अब्बा रडायला लागले. मी त्यांना कधी रडताना पाहिलं नव्हतं. "इतकं सोपं होतं," ते म्हणत होते, "इतकंच म्हणायचं असतं." मामीला ते कशाबद्दल बोलताहेत ते कळेना. मग त्यांनी तिला सगळं सांगितलं. शेठ फोनवर जागा ठेवून भाव सांगायचा, आपण एकदाही नाही म्हटलं नाही, म्हटलं असतं तर पात्यांचं काम चालू राहिलं असतं आणि हा इथे आला नसता.

"किती दीस चाल्ला असता काम?" मामीने विचारलं.

"दोन-तीन वर्षं. जास्त नाही."

मी मध्ये पडले. म्हटलं, भाव शेवटी पडायचाच होता, दोन-तीन वर्षांनी काय फरक पडला असता. अब्बांना धीर यावा म्हणून म्हटलं, आणि ते खोटंही नव्हतं.

मामीने गोणपाटावर हात ठेवला होता, तो तिने काढला नाही. "दोन वरसा लय असतात, चाचा," ती म्हणाली.

ती रागाने बोलली नव्हती.